तिसावा भाग

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, आपल्या कंपनीचे नवे प्रमुख, माननीय मुअताझ बे. व्यासपीठावर बसलेले, आणि ज्यांच्याकडे नुसतं पाहिलं तरी गेले अकरा महिने साऱ्या देशाला हसू फुटतं, ते ज्येष्ठ अभिनेते उस्ताद शुक्री. आजच्या सत्कारमूर्ती, आमच्या संकलन विभागाच्या प्रमुख, श्रीमती फेरियाल तादरोस, म्हणजे आपल्या सगळ्यांच्या अब्ला. अब्लांच्या घरची मंडळी. आणि खुर्च्या ऐंशी व माणसं दीडशे असल्यामुळे दाराशी, खिडकीशी, चहाच्या टेबलाशी दाटीवाटीने उभे असलेले माझे सर्व सहकारी. आपणा सर्वांना माझा सलाम.

मी वगदी, संकलन विभागातला दुसऱ्या क्रमांकाचा माणूस. तेवीस वर्षं मी अंधाऱ्या खोलीत, भिंतीकडे तोंड करून काम केलं. दीडशे माणसांचे चेहरे एकदम समोर आले की मला कुठून कुठे कापावं तेच कळत नाही. तेव्हा सांभाळून घ्या.

आज शाबान महिन्याची तेवीस तारीख. रमझान आठवड्यावर आला. तीस भागांच्या मालिकेचे आपले सतरा भाग तयार आहेत, चारांचं चित्रीकरण चालू आहे, आणि शेवटचे नऊ लेखकसाहेबांच्या डोक्यात आहेत, असं लेखकसाहेब म्हणतात. या दिवसांत आपल्या धंद्यात माणूस आजारीसुद्धा पडत नाही, सवड नसते. आणि याच दिवसांत आपण अब्लांना निरोप देतोय. हे जरा विचित्र नाही का? असो. कंपनीचा निर्णय आहे, आणि हार-तुरे फार छान आणलेत.

अब्लांविषयी काय बोलू? मी पहिल्यांदा आलो तेव्हा ही इमारत नव्हती. कैरोच्या अगूझा भागातल्या एका जुन्या घराचा तिसरा मजला होता. दोन खोल्या, एक बाल्कनी आणि स्वयंपाकघरात ओट्यापासून छतापर्यंत रचलेल्या टेप. सख्खी बहीण कोणाचीच नव्हती, पण आम्ही सगळे त्यांना अब्ला म्हणायचो, आणि थोरल्या बहिणीची बोलणीही खायचो. पहिल्या दिवशी त्यांनी मला एका बाईचा शॉट दिला. नवऱ्याने फसवल्याचं तिला कळतं आणि ती बोलू लागते. मी तिच्या पहिल्या शब्दावर कापलं. अब्ला म्हणाल्या, "काय रे, खाटकाच्या घरचा आहेस का? बाई बोलायला लागली की संपलं सगळं. बोलायचं ठरवते ना, तिथे काप." मी म्हटलं, "ते कसं दिसणार, अब्ला?" त्या म्हणाल्या, "दिसेपर्यंत बघ." मी चार तास बघत बसलो. दिसलं.

रमझानात दुपारी चारनंतर आमचा जीव जायचा. डोळ्यांपुढे चित्र हलायचं, डोक्यात मात्र फक्त पाणी. त्या वेळी खुर्चीवर अब्ला बसायच्या. "उठा रे, मुसलमानांनो, पडा जरा. ख्रिस्ती बाई आहे ना इथे." पण त्या खोलीत त्यांनी आमच्यासमोर कधी घोटभर पाणी प्यायलं नाही. बाल्कनीत जायच्या, दार लावून घ्यायच्या. वर आम्हाला टोमणा ठरलेला. "तुमचे तीस दिवस, तर गावभर कंदील. आमचा उपवास पंचावन्न दिवसांचा, कोणी एक मेणबत्ती लावत नाही." गेल्या वर्षी दोन्ही उपवास एकाच सुमारास आले. मग बाल्कनीचं दारही बंदच राहिलं.

आणि आमच्या खोलीची एक रीत होती. घरी निघताना अब्ला पायांत बूट चढवता चढवता विचारायच्या, "झालं का, वगदी?" मी म्हणायचो, "झालं, अब्ला." बस. पडद्याकडे वळून न बघता त्या जायच्या. बावीस वर्षं त्यांनी पुन्हा तपासलं नाही. साऱ्या शहरात एवढा विश्वास माझ्यावर माझ्या बायकोचाही नाही, ती इथेच बसली आहे, विचारा.

मध्यंतरी आपला धंदा वाढला. किती वाढला हे मुअताझ बेंनी मघाशी आकड्यांनी सांगितलं, टाळ्याही झाल्या. मी माझ्या खुर्चीवरून पाहिलेलं सांगतो. पूर्वी मालिका कैरोत बने आणि कैरोत दिसे. बाकीच्यांना ती मागाहून, चवीला जायची. आता पहिल्याच दिवशी बावीस देशांत दिसते. मोरोक्कोतली बाई आपल्या मालिकेतल्या मोलकरणीच्या संवादावर पत्र लिहिते. आखाताकडचे लोक पैसा घालतात, आपल्यापेक्षा चांगले कॅमेरे वापरतात, आणि त्यांची पोरं आता स्वतःच्या मालिका करू लागलीत, त्याही उत्तम. मला याचा अभिमान आहे. आणि खरं सांगायचं तर भीतीही वाटते. आपण दुसऱ्याच्या घड्याळावर चालू लागलो, हे मला फार उशिरा कळलं. घड्याळ कसलं, चंद्रच म्हणा.

आता चंद्राचा विषय निघालाच आहे तर…

अब्ला, हात करू नका. मी बसणार नाही.

रमझान एकोणतीस दिवसांचा की तीस, हे एकोणतिसाव्या संध्याकाळी ठरतं. मालिका मात्र नेहमी तीस भागांची. चंद्र दिसला तर दुसऱ्या दिवशी ईद, आणि शेवटचा भाग त्याच रात्री लावायची पाळी. म्हणून त्या संध्याकाळी साऱ्या दुनियेचे मुसलमान चंद्र दिसावा म्हणून आभाळाकडे बघतात, आणि कैरोतले संकलक तो दिसू नये म्हणून दुवा मागतात. अल्लाह क्षमा करो, मीही दर वर्षी मागितली. एक दिवस अजून दे, एवढंच.

गेल्या वर्षी गणितवाले ठाम होते, कैरोत रोजे तीसच होणार. आपली मालिका होती कापडव्यापाऱ्याची आणि त्याच्या तीन मुलींची. शेवटच्या दृश्यात बाप मरतो. उस्ताद शुक्री कफनात निजलेले, तिन्ही मुली रडताहेत. हे दृश्य रमझानातच, ऐन मावळतीला चित्रित झालं. बाहेर रेडिओ चालू राहिला होता. त्यावर रोजा सोडायची तोफ झाली. आणि आमचे उस्ताद, एकाहत्तर वर्षांचे, दिवसभराचे उपाशी, कफनासकट उठून बसले आणि म्हणाले, "अरे, तोफ झाली ना? खजूर कुठाय? मेला म्हणून काय माणसाने रोजाही सोडायचा नाही?"

हसा, हसा. उस्तादही हसताहेत. रस्त्यात लोक त्यांना थांबवून खजूर देतात आता.

उठून बसण्याच्या आधी कापायचं, हे उघड होतं. पण किती आधी? थोरलीच्या हुंदक्यावर की धाकटीच्या गप्प बसण्यावर? मला ठरवता येईना. म्हटलं, उद्या अब्लांना विचारू. दृश्य जसंच्या तसं शेवटी जोडून ठेवलं.

त्या दिवशी, एकोणतिसाव्या रोज्याला, माझी मुलगी रुकय्या, वय वर्षं आठ, आयुष्यातला पहिला पूर्ण रोजा धरून बसली होती. सकाळपासून तिचे बारा फोन. "बाबा, तोफेला तुम्ही असणार ना?" पाच वाजता मी बॅग उचलली. अब्लांनी विचारलं, "झालं का, वगदी? तिसावा?" त्यांच्या समोरच्या यादीत तयार भाग दिसतात. तिथे एकोणतीस होते. मी वळलो, तिसावा भाग आहे तसा तयारच्या यादीत टाकला, आणि म्हणालो, "झालं, अब्ला." त्यांनी पुन्हा विचारलं. बावीस वर्षांत पहिल्यांदा त्यांनी दोनदा विचारलं. "नक्की झालं?" मी म्हटलं, "झालं हो. पोर वाट बघतेय." त्या म्हणाल्या, "मग पळ. तिला माझ्यातर्फे एक जास्तीचा गोड कताइफ दे."

माननीय अध्यक्ष, आपण घड्याळ बघताय. दोन मिनिटं.

घरी ताटं वाढलेली. रुकय्याच्या हातात खजूर, नजर रेडिओवर. माझा फोन वाजला. कंपनीचा निरोप होता. आखातात चंद्र दिसल्याचं जाहीर झालंय. तिकडे उद्या ईद. तिसावा भाग यादीत तयार होता, तिकडच्या वाहिनीने उचलला, आत्ताच लावताहेत.

मी तुम्हाला काय सांगू? मी कैरोचा चंद्र धरून बसलो होतो. तिकडचा चंद्र वेगळा असू शकतो, आणि आता आपली मालिका त्या चंद्रावर चालते, हे माझ्या डोक्यातच आलं नाही. मी इथे फोन लावला, तिथे लावला, मोठ्या साहेबांना, छोट्या साहेबांना. तेवढ्यात तोफ झाली. तोफेनंतर पाऊण तास कैरोत कोण फोन उचलतो? तुम्ही कोणी उचलाल? रुकय्या म्हणाली, "बाबा, खाऊ का आता?" मी "खा" म्हणालो आणि जिना उतरलो. तिने तो खजूर कसा खाल्ला ते मी पाहिलं नाही.

रस्ते ओस पडले होते. एरवी तासभर लागणाऱ्या वाटेला तेरा मिनिटं लागली. खोलीत अब्ला एकट्याच होत्या. पडद्यावर तिकडचं प्रक्षेपण चालू होतं. मी दारात पोचलो आणि कफन हललं, उस्ताद उठून बसले, खजूर मागितला. बावीस देशांसमोर. अब्लांनी वळून माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "झालं का, वगदी?"

त्यानंतर त्यांनी मला हे कधीच विचारलेलं नाही. अकरा महिने झाले. निघताना बूट घालतात, मग चष्मा लावतात, आणि माझा प्रत्येक भाग पहिल्यापासून शेवटपर्यंत स्वतः बघतात. बोल लावत नाहीत. फक्त बघतात. मी शेजारी उभा असतो. मला कोणी नोकरीवरून काढलं असतं तर बरं झालं असतं.

पण काढलं नाही. ईदनंतर बैठक झाली. "हे कोणी केलं?" असं विचारलं गेलं. मी तोंड उघडलं. अल्लाशपथ उघडलं होतं. पण आवाज फुटायच्या आत अब्ला म्हणाल्या, "खोली माझी, चूक माझी." आणि मी उघडलेलं तोंड मिटलं. बाहेर आल्यावर म्हटलं, "अब्ला, हे काय केलंत?" तर म्हणाल्या, "माझं एक वर्ष उरलंय, तुझी पोर आठ वर्षांची आहे. आणि माझ्याशी खोटं बोललास, ते काही त्यांना सांगायचं नाही. ते आपलं आपल्यात." मी घरी गेलो आणि, आज सर्वांदेखत सांगतो, मला हायसं वाटलं. त्या हायसं वाटण्याची मला लाज वाटते. चुकीची तेवढी वाटत नाही.

मग "बाईंचं वय झालं", "डोळे गेले बिचारीचे" हे सुरू झालं. या सभागृहात मघापासून तीन वक्त्यांनी अब्लांच्या डोळ्यांना विश्रांती मिळो अशी शुभेच्छा दिली. लोकहो, त्यांचे डोळे ठणठणीत आहेत. यंदाच्या मालिकेतल्या माझ्या एका भागात एका मुलीच्या कानातलं एक डूल दोन शॉटमध्ये बदललं होतं, ते परवा त्यांनी शोधून काढलं. चष्म्याशिवाय.

गेल्या वर्षीचा तो तिसावा भाग मी दुरुस्त केला. धाकटीच्या गप्प बसण्यावर कापला. लोकांनी वाखाणला. आणि तो पुन्हा चढवला गेला तेव्हा तिसाही भागांच्या नामावलीतून फेरियाल तादरोस हे नाव गेलं. संकलन म्हणून माझं नाव आलं. "ज्याने चूक निस्तरली त्याचं नाव लावा," असा आदेश होता. मुअताझ बे, आपण नवे होतात, आपल्याला जे सांगितलं गेलं त्यावर आपण न्यायच केलात. सकाळी आपण मला विभागप्रमुखाच्या नेमणुकीचं पत्रही दिलंत. ते माझ्या खिशात आहे. दिवसभर मी त्यावर हात ठेवून फिरतोय, घामाने ओलं झालंय.

अब्ला, तुम्ही रडू नका. रागावलात तर चालेल. खरं म्हणजे मी त्याचीच वाट बघतोय अकरा महिने. मी तुम्हाला विचारून हे बोलायला हवं होतं, पण विचारलं असतं तर तुम्ही बोलू दिलं नसतं. माझी बायको तिकडे ओढणी तोंडावर धरून बसली आहे. तिलाही आत्ताच कळलं. घरी गेल्यावर काय होईल ते मला माहीत नाही. नोकरीचं काय होईल तेही माहीत नाही. रमझान आठवड्यावर आला आहे आणि तेरा भाग बाकी आहेत, तेव्हा निदान ईदपर्यंत तरी मला कोणी हलवणार नाही, असा एक हलकट विचारही मघाशी मनात येऊन गेला. तोही सांगून टाकतो.

समारंभाचं उत्तम आयोजन करणाऱ्यांचे मी मनापासून आभार मानतो. उस्ताद शुक्रींचे आभार, कारण माझ्या चुकीला त्यांनी हसण्यावारी नेलं. मला दोन शब्द बोलायला सांगितलं गेलं आणि मी दोनशेपट बोललो, त्याबद्दल अध्यक्षांची माफी मागतो. बोलण्याच्या ओघात कोणाच्या मानात काही उणं-अधिक झालं असेल तर आपण मोठ्या मनाने पोटात घालाल. जे अकरा महिने बोललो नाही ते मात्र कोणी पोटात घालू नये. ते फार दिवस एकाच बाईने घातलं.

मुअताझ बे, हे पत्र मी आपल्यासमोर ठेवतो. त्याचं आपल्याला वाटेल ते करा. माझं मागणं एकच आहे. त्या तीस भागांवर फेरियाल तादरोस हे नाव आजच्या आज पुन्हा लागावं. भाषण संपलं की वक्त्याने जागेवर जाऊन बसायचं असतं, ही रीत मला ठाऊक आहे. पण आपण हो किंवा नाही म्हणेपर्यंत मी इथेच उभा आहे.