हातातलं लोखंड

माझं नाव चंपा, पण इथं परदेशात, नास म्हणून गाव हाय तिथं, मला सगळी आज्जीच म्हणत्यात, शेजारची गोरी बाई बी आज्जी म्हणती, तिला वाटतं ते माझं नावच हाय. लिवा तुम्ही ताई, मी सांगते तसंच लिवा, मधी कुठं वेडंवाकडं झालं तर नीट करत बसू नका, नीट दिसायच्या नादातच माझी दहा वर्षं गेली, ते पुढं सांगते.

आमचं गाव बार्शीच्या पल्याड. माझा बाप दगडाच्या कामाचा, आजा दगडाच्या कामाचा, लगीन झालं तो माणूस बी दगडातलाच. पाटे, वरवंटे, जाती, उखळं. पुरुषमाणसं खाणीवर दगड घडवायची आन् आम्ही बाया गल्लोगल्ली फिरून टाकी लावायचो. टाकी म्हणजे आमची छिन्नी, आन् टाकी लावणं म्हणजे गुळगुळीत झालेल्या पाट्याला परत बारीक टाके घालून खरबरीत करायचं. काय सांगू तुम्हाला, आता मिक्सर आले, तुम्हाला ठाऊक नसंल, पण पाटा वापरून वापरून आरशासारखा होतो, मंग त्याच्यावर चटणी वाटली जात न्हाई, नुसती सरकती, इकडनं लोटली की तिकडं जाती. सासू सुनेला बोलती, सून पाट्याला बोलती, आन् तेवढ्यात आमची हाक आली, टाकीऽऽ लावायची का टाकी, की दोघी बी धावत दारात. लोक म्हणत्यात टाकीचे घाव सोसल्याबिगर देवपण येत न्हाई. आमच्या टाकीनं कुणाला देवपण आलेलं मी बघितलं न्हाई बाई, चटणी तेवढी बारीक झाली.

बार्शीत एका गल्लीत बालवाडी होती, तिच्या दाराबाहेर लिंबाचं झाड. दुपारचं ऊन टाळायला मी तिथंच बसून काम करायची. आतनं बाई शिकवायच्या, क कमळाचा, ख खटाऱ्याचा, आन् मी बाहेर बसून ते अक्षर टाकीनं पाट्यावर काढून बघायची, जमलं की त्याच्यावरच टाके घालून पुसून टाकायची. अशी मी वाचायला शिकले. कुणाकुणाच्या पाट्यात माझा क, माझा ग अजून असंल खाली दबलेला.

माझा एकच लेक, सुधीर. लहान होता तवा सुट्टीत माझ्यासंगं यायचा, मी टाके घालायची आन् तो पाटा हलू नये म्हणून धरून बसायचा. मंग वसतिगृहात गेला, शिकला, डॉक्टर झाला. मालक ते बघायला राहिले न्हाईत.

आता खोटं कसं बोलले ते सांगते. सुधीरचं लगीन ठरायच्या टायमाला पुण्याहून केतकीचे आईवडील आले, वडील कॉलेजात प्रोफेसर. सुधीर आत पाणी आणायला गेला आन् प्रोफेसर म्हनले, आपण काय करता. मी केतकीच्या आईचे हात बघितले, लोण्यासारखे, आन् माझे हात पदराखाली घेतले आन् म्हनलं, मी बालवाडीत असते. असते म्हनलं, शिकवते न्हाई म्हनलं. ते म्हनले, वा, म्हणजे शिक्षिका. मी मान हलवली. झालं. तेवढ्या मान हलवण्यानं मी मास्तरीण झाले. सुधीरनं त्यावर मला कवा काही विचारलं न्हाई आन् मी त्याला सांगितलं न्हाई, आमच्या दोघांत ती गोष्ट म्हणजे झाकून ठेवलेलं भांडं, दोघं बी कडेकडेनं जायचो.

दोन हजार पंधराला मी नातीला सांभाळायला इथं आले. नात इरा. तिला मराठी सगळं कळतं, पण बोलती इंग्रजीत, ते बी इथल्या लोकांसारखं हेल काढून. सुधीर आन् केतकी दोघं बी दवाखान्यात, केतकी तिथं हाडांचे फोटो वाचती, एक्सरे. पोरगी लई चांगली हो. मला आई म्हणती, आन् मी तिच्या तोंडाकडं बघून रोज खोटं जगायची. इरा म्हणायची आज्जी गाणं शिकव, मी बालवाडीचं गाणं म्हणायची, ते खरंच यायचं मला, दाराबाहेर बसून आलेलं. मंग इरानं शाळेत लिवलं की माझी आज्जी टीचर होती. तिच्या बाईंनी निरोप धाडला की नव्या वर्षात आजीआजोबांचा दिवस हाय, आज्जीनं येऊन भारतातल्या शाळेबद्दल सांगावं. इरा म्हनली, यू विल बी ग्रँड, आज्जी. हे लोक सगळ्यालाच ग्रँड म्हणत्यात, पाऊस थांबला तरी ग्रँड आन् मेलेला माणूस चांगला होता तरी ग्रँड. येवढ्याशा पोरीला वर्गासमोर खोटी पाडायची का मी, का तिच्या वर्गात जाऊन आणखी खोटं बोलायचं.

त्यातच नाताळची सुट्टी आली आन् केतकीनं सहल काढली, ग्वाटेमाला म्हणून देश हाय तिकडं लांब, माया लोकांचा. मी म्हनलं माया म्हणजे आपली माया का गं, जीव लावतो ती. ती म्हनली न्हाई आई, त्या लोकांचं नावच माया. सहा दिवस, आम्हा चौघांनाच एक गाडी आन् एक माणूस, दुसरं कुणी न्हाई. त्याचं नाव मातेओ, तो बी मायाच, बुटका, हसरा, इंग्रजी बोलायचा आन् सुधीर मला सांगायचा.

पयल्यांदा जंगलात नेलं. ताई, माया लोकांची जुनी देवळं, दगडाच्या पायऱ्यांचे डोंगरच बघा, झाडांच्या बी वर गेलेले, आन् वर वानरं अशी ओरडायची की मला वाटलं वाघ हाय. सगळी वर बघत होती, मी खाली बघत होते. दगडाला कोपरा कसा काढलाय, कडेला घाव कसा पडलाय. मातेओ म्हनला ह्यांच्याकडं लोखंड नव्हतं, दगडानं दगड घडवलाय. लोखंडाबिगर. मी बोटं फिरवली तर सुधीर म्हनला आई, हात नको लावू. मी हात काढला, पण मातेओनं माझी बोटं बघितली होती.

चौथ्या दिवशी डोंगरातनं जाताना तो म्हनला, आज जेवण माझ्या आईकडं. पत्र्याचं घर, चुलीचा धूर, आन् त्याची आई माझ्याच वयाची, गुडघ्यावर बसून पाट्यावर मका वाटत होती. पाटाच तो, नुसते तीन पाय होते त्याला, आन् वरवंटा दोन्ही टोकांना धरायचा लांबडा. भाकरी आपल्यासारखीच थापायची, तळहाताएवढी. पण मका वाटला जाईना. सरकत होता. इकडनं लोटला की तिकडं. म्हातारी तीनतीनदा लोटायची आन् कपाळाला हात लावायची. मातेओ म्हनला, हा माझ्या आजीचा दगड, ह्याला टोचे मारणारा म्हातारा गावात होता, तो वारला, आता सगळे गिरणीवर जातात, आई जात नाही, ती म्हणते गिरणीच्या पिठाला चव नाही.

मी ऐकलं आन् ताई, मी ठरवलं न्हाई काही. माझं तोंडच बोललं, गाडीत हातोडी-छिन्नी हाय का विचार त्याला. सुधीर म्हनला आई. नुसतं आई म्हनला. मी म्हनलं विचार.

मातेओनं पेटीतनं आणून दिली, छिन्नी बोथट होती, ती त्याच्याच दारातल्या दगडावर घासून घेतली. म्हातारीला मराठीत म्हनलं, सरक जरा बाई, तुझ्या आईचा दगड मी बिघडवणार न्हाई. ती सरकली. पयला टाका घातला आन् पाटा तीन पायांवर डुगडुगला. दुसऱ्याला परत डुगडुगला. आन् मंग काय सांगू, माझा लेक, चांगली पँट घातलेला, इतका मोठा डॉक्टर, तो मातीत गुडघे टेकून समोर बसला आन् पाटा धरला. कुठं धरायचा, अंगठा कुठं आत घ्यायचा म्हणजे लागत न्हाई, मान कशी वळवायची म्हणजे कपच्या डोळ्यात जात न्हाईत, सगळं तसंच. तीस वर्षांनी. मी टाके घालत गेले, वरनं खाली, तांदूळ पेरल्यावानी, अर्धा तास तरी नुसता टकटक आवाज.

थांबले आन् बघितलं तर केतकी समोर उभी. मंग लपवायला काय राहिलं. मी बसल्या जागेवरनंच म्हनलं, केतकी, बालवाडी खोटी गं, मी दाराबाहेर बसून हेच करायची.

ती म्हनली, आई, मागं तुम्ही बर्फावर घसरून पडलात, डाव्या हाताचा फोटो काढला, तो मीच वाचला होता. हाड चांगलं होतं, पण सगळ्या हातात लोखंडाचे बारीक कण. छिन्नीचे उडतात ना, ते. तवाच माझ्या मनात आलं, तुमच्या बालवाडीतली पोरं लोखंडी होती की काय.

मी म्हनलं, मंग विचारलं का न्हाईस.

तुम्ही सांगाल तवा ऐकायचं ठरवलं होतं, ती म्हनली, पण लई वेळ लावलात. आन् मंग सुधीरकडं वळली. मला वाटलं होतं आईंनी तुझ्यापासून बी काही लपवलंय. तुला तर पाटा कुठं धरायचा ते बी ठाऊक हाय.

सुधीर मातीतच बसलेला. म्हनला, तुझे आईबाबा आले त्या दिवशी मी पाण्याचा तांब्या घेऊन दारातच होतो. आईचं खोटं ऐकलं आन् मला बरं वाटलं. त्याचीच लाज वाटते.

म्हातारीनं तोवर मूठभर मका टाकून वरवंटा ओढला. एकदाच ओढला आन् पीठ झालं. तिनं ते बोटावर घेऊन माझ्या तोंडाशी धरलं, काहीतरी म्हनली. मातेओ सांगू लागला, मी म्हनलं नको सांगू, कळलं.

केतकी त्या दिवशी नवऱ्याला मागं सोडून गाडीत पुढं जाऊन बसली. दुसऱ्या दिवशी हिरव्या पाण्याचे डोह होते, एकाखाली एक, तिथं ती पाण्यात पाय सोडून बसली आन् सुधीरला म्हनली, आता माझ्या बाबांना तू सांगायचंस, फोनवर न्हाई, पुण्याला जाऊन, आन् सांगून झालं की पाणी आणायच्या निमित्तानं आत जायचं न्हाई. तो हसला, ती बी हसली. मी डोळे मिटून पाण्याचा आवाज ऐकत बसले. ताई, डोक्यावरनं पाटी उतरवली की मान कशी हलकी हलकी वाटती, चालताना तोल जातो की काय वाटतं, तसं मला दोन दिवस झालं.

मंग शाळेचा दिवस आला. केतकीनं बागेच्या दुकानातनं एक फरशी आणली, शाळेच्या बाईंनी सगळ्या पोरांना डोळ्यांवर चष्मे चढवले. मी मराठीत सांगायची आन् इरा इंग्रजीत. मी म्हनलं, मी घरोघरी टाकी लावायची. इरानं सांगितलं, माय आज्जी पुट वॉटर टँक्स इन एव्हरी हाऊस. तिला टाकी म्हणजे पुण्याच्या आजोबांच्या गच्चीवरची पाण्याची टाकीच ठाऊक. बाई आधी फरशीकडं बघती, मंग माझ्याकडं, की ह्यात पाणी कुठं. टँक शब्द मला कळतो, मी इतकी हसले की मला खुर्ची दिली. मंग टकटक करून दाखवलं आन् सगळ्यांना समजलं.

आता टाकी-हातोडी माझी इथंच हाय, बार्शीची, सुधीर पुण्याला जाऊन सासऱ्यांशी बोलून आला तवा घेऊन आला. खालच्या प्रेसमधी, प्रेस म्हणजे कपाट हो, केतकीच्या मिक्सरशेजारी ठेवलीय. इरा सायकलवर बसली की आमच्या ह्या गल्लीतनं ओरडत जाती, टाकीऽऽ लावायची का टाकी, इथल्या हेलात. कुणाला पाटा ठाऊक न्हाई तरी शेजारीण खिडकीतनं हात करती, ग्रँड म्हणती.

केतकी विचारत होती, हातातलं लोखंड काढायचं का, लहानसं काम हाय. मी म्हनलं राहू दे. थंडीत जरा टोचतं, तेवढंच. माझं सगळं झालं ताई, पोरं सुखी राहू देत, तुमची बी राहू देत. आन् हो, वर नाव लिवताना त्याच्याखाली काम बी लिवा माझं. त्याला जागा सोडलीत ना तुम्ही?