बुजगावण्याची इज्जत

हसू नका, स्वर्गीय नर्तक पक्षी माझ्या कॅमेऱ्याच्या लेन्सवर येऊन बसल्ता! पांढराशुभ्र नर, ही एवढी लांब शेपटी! जाफराबादकडं सर्जेराव मामांच्या ज्वारीला लागून नाला आहे. तिथं तो दुपारी अंघोळीला येतो, हे मामांनीच सांगितल्तं. मंग मी त्यांच्या बुजगावण्याशेजारी, तसंच पोतं पांघरून, दोन तास बिलकुल न हलता उभा. आणि आला की राव! पाण्यात सूर मारला, वर उडाला, अन् थेट माझ्या लेन्सवर! इतक्या जवळून कॅमेऱ्यात काय दिसणार? मी आपला श्वास रोखून नुसता बघून राह्यलो.

तेवढ्यात बांधावरून मामा ओरडले, "अहो, हाला की जरा!"

नर्तक भुर्रकन उडाला. माझं डोकंच फिरलं. "मामा, काय केलं हे! जन्मात एकदा होतं असं!"

"अन् माझ्या बुजगावण्याची इज्जत गेली, तिचं काय?"

"अहो, तो किडे खातो. दाण्याला शिवत बी न्हाई!"

"ते मला बराबर माहीत हाय," मामा म्हणाले. "पण चिमण्या बघून राह्यल्या होत्या ना!"