मिठाच्या ढिगाशेजारचा दगड

सोमवार, सहा ऑक्टोबर, सकाळी सव्वाआठ. दुसऱ्या महायुद्धानंतर पूर्वेकडून हाकलल्या गेलेल्या आम्हा जर्मनांच्या मृतांचा स्मृतिदगड त्या वेळी नगरपालिकेने आपल्या दफनभूमीतून क्रेनने उचलून नेला.

अध्यक्ष फादर क्विरिन, व्यासपीठावरचे मान्यवर, महिनाअखेर निवृत्त होणारे नगराध्यक्ष लांडग्राफसाहेब, सौ. लांडग्राफ आणि गावकरी मंडळी, आजच्या या निरोप समारंभात पूल आणि पोहण्याचा तलाव यांबद्दल साहेबांसाठी टाळ्या झाल्या. मीही वाजवल्या. दगडाबद्दल कोण बोलणार?

त्यावर काय कोरावं, हा वाद इथे वर्षानुवर्षं चालला. एक म्हणे, "आम्ही सोसलं तेवढंच लिहा." दुसरा म्हणे, "युद्ध कुणी सुरू केलं? आधी ते लिहा." मी म्हणत होते, दोन्ही लिहा. आपल्या माणसांनी आधी शेजाऱ्यांना घराबाहेर काढलं, मग आपल्याला काढलं गेलं. यातलं खोटं काय आहे? दोन्हीकडून शिव्या खाल्ल्या. ननांच्या शाळेत शिकलेय, त्याहून कडक ऐकलंय.

"बाई, आता दोन्ही बाजू गप्प आहेत," दगड हलवल्यावर साहेब मला म्हणाले.

"दफनभूमीत सगळेच गप्प असतात, साहेब. त्यात तुमचं काय कर्तृत्व?"

माझी बहीण ट्राउडे नव्वद वर्षांची आहे. आम्हाला हाकललं तेव्हा आमचा सहा आठवड्यांचा धाकटा भाऊ मालगाडीच्या डब्यातच वारला. मधल्या स्टेशनावर शिपायांनी त्याला आईच्या हातून घेतलं. कुठे पुरला, कुणी सांगितलं नाही. मृतांच्या दिवशी ट्राउडे त्याचा दिवा या दगडापाशी लावते. दुसरी जागाच नाही.

परवा ती पालिकेच्या गोदामात गेली. रस्त्यावरच्या बर्फासाठी आणलेल्या मिठाच्या ढिगाशेजारी दगड आडवा पडलाय. ती दिवा काढू लागली, तर रखवालदार म्हणाला, "आजी, इथे आग चालत नाही."

"मग कुठे चालते रे?" तिने विचारलं.

बिचारा टोपी काढून उभा राहिला. त्याला काय ठाऊक?

वाईट याचं वाटतं की आपण शब्दांवरून इतकं भांडलो, की दगड हलवणं साहेबांना सोपं गेलं. जे भांडले त्यांतले निम्मे आता हयात नाहीत.

फादर, आपण वेळ दिलात, आभारी आहे. सौ. लांडग्राफ, तुमच्या आनंदाच्या दिवशी कडू बोलले, ते पोटात घाला. साहेब, तुम्ही मात्र घालू नका. मृतांचा दिवस दोन नोव्हेंबरला आहे. त्याआधी दगड जागेवर येणार की नाही, हे तुमच्या सहीनिशी लेखी कळवा. शुक्रवार, एकतीस ऑक्टोबर, दुपारी बारापर्यंत. उत्तर ट्राउडेच्या नावे पाठवा.