आईचं ‘हूं’

ऑर्कुटचे दिवस आठवतेत का? माझा एक मणिपूरचा मैतेई दोस्त, त्याची आजी चुलीपाशी सांगायची त्या गोष्टी तिथं हिंदीत टाकायचा. त्यातली एक मी हिंगोलीच्या नेट कॅफेतून छापून आणली नि घरी मोठ्यानं वाचायला लागलो. आईचं तोंडच उतरलं.

“काहून? माझ्या गोष्टी शिळ्या झाल्या व्हय?”

“आई, तिच्या गोष्टी कुठकुठचे लोक वाचून राहिले.”

“वाचू दे. पन ऐकताना ‘हूं’ कोन म्हनते तिला?”

आई शेळ्यांकडं तोंड करून बसली. मी वाचतच होतो. गोष्टीतल्या म्हातारीच्या दारात वाघ आला, अन् आईच्या तोंडून निघालं, “हूं.”

मी हसलो. आई भडकली, “थांबला काहून? वाच पुढं! नि तुझ्या दोस्ताच्या आजीला कळव, म्या ‘हूं’ म्हनलं. आता माझी गोष्ट टाक. तिनंबी बराबर ‘हूं’ म्हनलं पायजे!”