एकोणीस घरांची यादी

(शनिवारची दुपार. ख्रिस्ती मंडळीच्या सहाव्या शाखेचं सभागृह. पूर्वी इथे गाद्यांचं गोदाम होतं. उद्या शाखेला दोन वर्षं होतात. थोरली बहीण पहिल्या शाखेतून आली आहे, धाकटी ही शाखा सांभाळते. दाराबाहेर भोंगाकाका खुर्च्या उतरवत आहेत.)

थोरली : नाही म्हणजे नाही. उद्या मी स्टेजवर येणार नाही. तो पुष्पगुच्छ पाळकांना दे, पियानोवाल्याला दे, नाहीतर सरळ फुलदाणीत खोच.

धाकटी : ताई, पाचही शाखांची माणसं येणारेत. पत्रिकेवर तुझं नाव छापून झालंय.

थोरली : कुणाला विचारून?

धाकटी : विचारलं असतं तर नाही म्हणाली असतीस.

थोरली : म्हणजे कळत होतं तुला.

धाकटी : बस आधी. ती खुर्ची नको, तिचा पाय लुळा आहे. ही घे.

थोरली : पडदे नवे वाटतं.

धाकटी : पलीकडच्या शिंप्याने उरलेल्या कापडातून शिवून दिले.

थोरली : तुला बरे देतात गं सगळे शिवून. आमच्याकडे अकरा वर्षं तेच पडदे आहेत. तीनदा अर्ज दिला मुख्य कचेरीला. आणि तुमचा तो मोफत दवाखाना? डॉक्टर किती येतात आता?

धाकटी : तीन. दर शनिवारी सकाळी.

थोरली : आमच्याकडे एक येतो. तोही नाडी बघता बघता डुलकी काढतो.

धाकटी : पाठवू का इथला एक?

थोरली : नको. तेवढे उपकार नकोत.

धाकटी : ताई, हे पडदे आणि डॉक्टर राहू दे. उद्याचं बोल. दोन मिनिटांचं काम आहे. मी म्हणणार, ह्या शाखेची सुरुवात माझ्या बहिणीने दिलेल्या एकोणीस कुटुंबांपासून झाली. तू उठायचं, लोक टाळ्या वाजवतील, तू बसायचं.

थोरली : तेच मला नकोय.

धाकटी : का पण? नव्या शाखेला जुन्या शाखेने माणसं द्यायची ही आपली पद्धतच आहे. पण सगळे हात आखडूनच देतात. चौथ्या शाखेला तर चार म्हातारे आणि एक तबलजी मिळाला होता. तू एकोणीस घरं दिलीस, आणि कसली दिलीस. तुझा तो तक्रारमास्तर आठवतो?

थोरली : विसरेन कशी? दर सोमवारी त्याचं पत्र यायचं. पंखा आवाज करतो, प्रार्थना लांबली, चहा गार होता. सहा वर्षं. खाली सही आणि तारीख.

धाकटी : तो आता वस्तीतल्या लोकांचे अर्ज लिहितो. थकलेली पेन्शन, तुटलेला नळ, शाळेचे दाखले. सरकारी कचेरीत त्याचं पत्र आलं की कारकून उभे राहतात म्हणे. ती उशिराबाई, जी प्रार्थना संपून शेवटचा आशीर्वाद व्हायच्या वेळी दारात उगवायची...

थोरली : आणि सगळ्यांचे पाय तुडवत पहिल्या रांगेत जायची.

धाकटी : इथे संध्याकाळी मुलांचा अभ्यास घेतो ना, त्यांचे आईबाप कारखान्यातून कधी सुटतील याचा नेम नसतो. बाकीच्यांना घरची घाई. हिला कधीच कसली घाई नसते. शेवटचं मूल जाईपर्यंत बसते.

थोरली : बरं.

धाकटी : ते भांडखोर जोडपं तर विचारूच नकोस. ज्यांचं घरात पटत नाही ते सगळे त्यांच्याकडेच जातात. म्हणतात, बाकीच्यांसमोर लाज वाटते, ह्यांच्यापुढे काय लाजायचं.

थोरली : पुरे झालं. कळलं. तुझं सगळं सोन्यासारखं चाललंय.

धाकटी : असं का बोलतेस?

थोरली : कसं बोलू मग? नाचू? माझ्या पोटात दुखतंय, झालं समाधान? दोन वर्षं दुखतंय. तुझ्या शाखेचं नाव कुणी काढलं की माझ्या तोंडचा घास कडू होतो.

भोंगाकाका : येऊ का आत? अडीचशे खुर्च्या मांडल्या बाई. अजून पन्नास व्हरांड्यात ठेवतो. अरे वा, ताई आल्यात.

थोरली : हो. आत्ताच.

भोंगाकाका : तुमची खुर्ची पहिल्या रांगेत, कोपऱ्याची ठेवलीय. पंख्याखाली. तुम्हाला उकाडा सोसत नाही.

थोरली : तुम्हाला कसं ठाऊक?

भोंगाकाका : बारा वर्षं तुमच्या मागच्याच रांगेत बसायचो की. तुम्ही पत्रिकेची घडी करून वारा घ्यायचात. मी गायला लागलो की मधूनच मागे वळून बघायचात.

थोरली : हं.

भोंगाकाका : मला वाटायचं, ह्यांना माझ्या आवाजाचा त्रास होतोय. मला सूर कळत नाही, ते ठाऊक आहे मला. दोनदा गप्प बसूनही बघितलं. मग पाळकांनी नव्या शाखेच्या नावांची यादी लावली आणि उलगडलं. तुम्ही मला हेरत होतात.

थोरली : काका, तसं काही...

भोंगाकाका : शाळेत संघ पाडायचे तेव्हासुद्धा मी शेवटी उरायचो हो. जो उरेल तो घ्या, म्हणून घ्यायचे. मला नाव घेऊन कुणी निवडलं ते पहिल्यांदा तुम्ही. घरी जाऊन बायकोच्या फोटोला सांगितलं. ती असती तर म्हणाली असती, चुकून लागलं असेल.

धाकटी : काका ऐकू कमी येणाऱ्या म्हाताऱ्यांच्या घरी जातात, ताई. वर्तमानपत्र वाचून दाखवतात. एकतीस घरं आहेत त्यांच्याकडे.

भोंगाकाका : बत्तीस झाली परवा. कानाचं यंत्र लावायला लागत नाही त्यांना, मी असलो की. बरं, व्हरांड्याचं बघतो. उद्या टाळ्या मात्र मीच सुरू करणार ताई, आधीच सांगून ठेवतो.

धाकटी : गेले. काय झालं तुला? पाणी देऊ?

थोरली : दार लोटून घे.

धाकटी : लोटलं.

थोरली : मी त्याला निवडलं नव्हतं गं. मी त्याला काढलं होतं.

धाकटी : ताई...

थोरली : मध्ये बोलू नकोस, नाहीतर पुन्हा जमणार नाही. बावीस वर्षं झाली मला मंडळीत. खुर्च्या मी पुसल्या, आजाऱ्यांचे डबे मी पोचवले, तुलाही हाताला धरून मीच आणलं. नवी शाखा मलाच मिळणार असं सगळे म्हणत होते. मी आरशासमोर उभी राहून पहिलं भाषण पाठ केलं होतं. पाळकांनी बोलावलं, म्हटलं आता सांगतील. ते म्हणाले, तुझ्या बहिणीला देतोय, तिच्यासाठी चांगली माणसं तेवढी निवडून दे.

धाकटी : हे तू कधी बोलली नाहीस.

थोरली : काय बोलणार होते? हसून हो म्हटलं. घरी आले आणि एका बैठकीत यादी केली. जो जो मला नको होता तो तो त्यात घातला. तक्रारमास्तर, उशिराबाई, ते भांडखोर, हा भोंगा. म्हटलं, घे, चालव आता शाखा. सहा महिन्यांत रडत येईल. नावंसुद्धा नाही लिहिली, रजिस्टरमधले नुसते नंबर कळवले. आणि तुझी शाखा वाढली. आमच्याकडे गाणं सुरात आहे, पत्र येत नाही, सगळे वेळेवर येतात आणि वेळेवर घरी जातात. निम्म्या खुर्च्या रिकाम्या.

धाकटी : मला माहीत होतं.

थोरली : काय?

धाकटी : पहिल्याच रविवारी कळलं. समोर ती एकोणीस घरं बसलेली बघितली आणि डोक्यात तिडीक गेली. बारा वर्षं तुझ्या तोंडून ऐकलेली माणसं, ओळखणार नाही का मी? वाटलं, सख्ख्या बहिणीने माझा कचरा केला.

थोरली : मग बोलली का नाहीस?

धाकटी : बोलले की. माईकवरून. म्हटलं, माझ्या ताईने तिच्या शाखेतली सगळ्यात चांगली माणसं मला दिलीत. टोमणा होता तो. रेकॉर्डिंग सगळ्या शाखांत जातं, म्हटलं ऐकशील आणि चांगलं झोंबेल.

थोरली : ऐकलं होतं मी. झोंबलं. पण मला वाटलं, तू भोळी आहेस, तुला कळलंच नाही.

धाकटी : तुला झोंबलं ते ठीक. समोर बसलेल्यांना टोमणा कळलाच नाही ना. मास्तर ताठ बसला. उशिराबाईने डोळ्याला रुमाल लावला. ते दोघं नवराबायको एकमेकांकडे बघून हसले. आणि काका गायला लागले. असे गायले की बाहेर रस्त्यावर माणसं थांबली. मग मी तो शब्द मागे कसा घेणार? दर रविवारी तसंच वागत गेले. हळूहळू ते खरंच झालं.

थोरली : म्हणजे तूही.

धाकटी : मीही. तुझीच बहीण आहे.

थोरली : उद्या मी सगळं कबूल करते. उभी राहते आणि सांगते.

धाकटी : अजिबात नाही. तुझं मन हलकं होईल आणि ओझं काकांच्या डोक्यावर जाईल. बायकोच्या फोटोला परत काय सांगतील ते?

थोरली : मग टाळ्या घेऊ? खोटं बोलू?

धाकटी : खोटं नको. काहीच बोलू नकोस. फक्त नावं वाच. एकोणीस घरांची, एकेक करून. ते उभे राहतील. टाळ्या त्यांना मिळतील.

थोरली : एवढंच?

धाकटी : एवढंच. पण खरी नावं. तू ठेवलेली नाहीत.

थोरली : जमेल. मास्तरचं येतं, पत्राखाली सही असायची. उशिराबाईचंही येतं, तिच्यासाठी किती वेळा थांबलोय. ते जोडपं... तिचं येतं, ती त्याला नावाने हाक मारून भांडायची, म्हणजे त्याचंही येतं. थांब हं.

धाकटी : काय झालं?

थोरली : ह्या भोंग्याचं खरं नाव काय गं?

धाकटी : मी नाही सांगणार.

थोरली : अगं, बारा वर्षं माझ्या पाठीमागे बसून... मी आता कुठल्या तोंडाने विचारू? त्याला वाईट वाटेल.

धाकटी : वाटेल थोडं.

थोरली : रजिस्टर कुठे ठेवतेस?

धाकटी : कुलपात. किल्ली देणार नाही. ते बाहेर व्हरांड्यात आहेत.

थोरली : लहानपणापासून अशीच आहेस तू. सरक, दार उघडू दे. अहो काका, जरा आत येता?

भोंगाकाका : बोला ताई. खुर्च्या कमी पडतात का?

थोरली : नाही, पुष्कळ आहेत. बसा ना. ती नको, तिचा पाय लुळा आहे. इथे बसा, माझ्या शेजारी. काका, मला तुमचं नाव ठाऊक नाही. सांगता?