नावाआधी उठलेला चोर

मंडळी, मला एक सांगा. चोरीचा नारळ देवापुढं फोडला, तर पुण्य कुणाचं? फोडणाऱ्याचं, की ज्याच्या झाडाचा त्याचं? — गप्प बसलात! म्हणजे बरेच नारळ फोडलेत!

तर ऐका. सोलापूरजवळच्या एका गावात दिगंबरअप्पा कोष्टी. त्यांची लेक मयूरी चेन्नईला, सिनेमाच्या कंपनीत. काम काय? तर कॉम्प्युटरवर भुतं बनवायची! "अप्पा, पोरीला शिकवलंत आणि भुतांच्या नादी लावलंत?" — गावानं हसून बेजार केलं. अप्पांच्या ते फार जिव्हारी लागलं.

एक दिवस पोरीचा फोन. "अप्पा, सिनेमा लागला. मंगळावरून आलेलं भूत मी केलंय. शेवटी पडद्यावर माझं नाव येतं. सोलापूरच्या थिएटरचं तिकीट काढते, बघून या." अप्पांचा ऊर भरून आला. पण एकट्यानं बघून काय उपयोग? गावाला दाखवायचं! आणि तिकीट कशाला — मोबाईलवर फुकट मिळतोय की!

झालं. भर दुपारी समाजमंदिराच्या खिडक्यांना पोती लावली, भिंतीवर धोतर ताणलं, प्रोजेक्टर आणला. सिनेमा तमिळ, पण फुकटाला भाषा कुठं आडवी येते? मंगळावरचं भूत आलं — गाव आपलं शेंगा सोलतंय! चित्र इतकं पुसट, की भूत कोणतं नि सासू कोणती, कळेना. इतक्यात खालून एक काळं डोकं वर आलं, डुलत डुलत पलीकडं गेलं. अहो, बायका किंचाळल्या, सरपंच खुर्चीवरून पडले! अप्पा छाती फुगवून म्हणाले, "माझ्या लेकीचं काम."

शेवट आला. अप्पा उठून उभे राहिले, आता नाव येणार म्हणून. आणि चित्र हललं. जिना दिसला, कुणाच्या तरी चपला दिसल्या, अंधार.

"अप्पा, पोरगी नक्की सिनेमातच आहे ना?" सरपंचांनी विचारलं, आणि सगळं गाव हसलं.

अप्पांनी फोन लावला. "पोरी, तुझ्या काळ्या डोक्याला गाव घाबरलं. पण नाव नाही गं आलं."

मयूरी म्हणाली, "अप्पा, ते डोकं माझं नाही. थिएटरात कुणीतरी लघवीला उठलं असेल. आणि तिथं बसून चोरून मोबाईलवर सिनेमा उतरवणारा नावं बघायला कशाला थांबेल?"

अप्पांना रडू आलं. जिचं नाव दाखवायला गाव गोळा केलं, तिच्याच घामाची चोरी आपल्या हातानं केली!

हसताय? हसा. कीर्तनाची आरती अजून व्हायचीय, आणि मागं मंडळी चपला शोधायला लागलीसुद्धा! बसा खाली. ज्याच्यासाठी आलात, त्याचं नाव अजून घ्यायचंय.