फ्रिजमधलं फूल

ऐका वं बायाहो, चहा मंग घ्या! माही नात पहाडावर फिरायले गेली, तं बर्फात उगवणाऱ्या फुलाचं रोपटं घेऊन आली. म्हणे, "आजी, हे हिवाळाभर बर्फाखाली झोपते, तवाच फुलते. जगवशीन ना वं?"

आता नागपुरात बर्फ कुठून आणू? हिवाळा लागला तशी म्या कुंडीच उचलली अन् फ्रिजमध्ये ठेवली.

पानं सगळी गळली. सून रोज कुरकुरे, "आई, मेलेलं झाड काहून सांभाळून राहिल्या? मले दही ठेवायले जागा नाही." आमचा बुढा हासे, "फ्रिजमध्ये मसणवटा केला हिनं!" मलेही वाटे, नातीले काय तोंड दाखवू? पण म्या कुंडी हलू देल्ली नाही.

थंडी सरली, कुंडी बाहेर काढली, तं हिरवा कोंब निघाला. अन् काल सकाळी पाहते तं जांभळं फूल! मी अंगणात नाचलीच!

बुढा म्हणे, "यंदा उन्हाळ्यात मलेही ठेव वं फ्रिजमध्ये. पाहू, फुलतो काय."

म्या त्याच्या टकलाकडे पाहिलं. म्हटलं, "ठेवते ना. पानं तं तुमची आधीच गळली हायेत!"